अनुकंपा की वारसा हक्क?

कर्मचारी सेवेत असताना गेला की मुलगा ‘अनुकंपावर लागला’ म्हणतात. बातमीत त्यालाच ‘वारसा हक्काने नोकरी’ म्हटलेलं दिसतं. दोन्ही एकच का?

>> नाही, महाराष्ट्रात तर मुळीच नाही. ‘वारसा हक्काने नियुक्ती’ हा प्रयोग इथे सफाई कामगारांबाबतच्या लाड-पागे समितीच्या शिफारशींना चिकटलेला आहे. त्यात सफाई कामगार निवृत्त झाला तरी वारसाला नोकरी मिळू शकते, मृत्यूच व्हायला हवा असं नाही. अनुकंपेचं मूळच वेगळं. अनु + कंप, म्हणजे दुसऱ्याच्या दुःखाने आपणही हलणं. सर्वोच्च न्यायालयाने 1994च्या उमेशकुमार नागपाल निकालात हेच कायद्याच्या भाषेत मांडलं: कमावता माणूस गेल्यावर कुटुंबावर अचानक कोसळलेलं आर्थिक संकट निभावून नेणं, एवढाच हेतू. राज्यघटनेच्या कलम 14 आणि 16 मधल्या समान संधीला हा अपवाद आहे. नोकरी ही काही सातबाऱ्यावर चढणारी जमीन नव्हे. पेन्शन, ग्रॅच्युइटीसाठी वारस दाखला काढून ठेवलेला असतो, त्यामुळे लोक तोच शब्द नोकरीच्या अर्जातही घालतात. तिथे ‘अवलंबित’ किंवा ‘पात्र कुटुंबीय’ लिहावं.

>> म्हणजे हक्क शून्य? मग लोक कोर्टात कशाला जातात?

>> ‘नियुक्तीचा हक्क’ नाही, ‘नियमाप्रमाणे विचार होण्याचा हक्क’ मात्र आहे. अर्ज मुदतीत असूनही कारण न देता फेटाळला, प्रतीक्षासूचीत मागचा पुढे गेला, की दाद मागता येते. सूचीतल्या एका कुटुंबीयाऐवजी दुसऱ्याचं नाव घ्यायला 2015च्या शासन निर्णयाने आडकाठी घातली होती. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने 2020 मध्ये ती काढली. उलट, वर्षानुवर्षं गप्प बसून मग दावा केला तर ‘तातडीच उरली नाही’ असं ऐकावं लागतं. त्यामुळे याचिकेत ‘आमचा वारसा हक्क डावलला’ हे वाक्य म्हणजे समोरच्या वकिलाला आयतं कोलीतच.

>> ‘वडिलांच्या जागेवर लागली’ हेही फसवंच ना?

>> हो. बोलताना चालतं, अर्जात नको. नियुक्ती गट-क किंवा गट-ड मधल्या रिक्त पदावर, स्वतःच्या शिक्षणाप्रमाणे होते. वडील वाहनचालक आणि मुलगी लिपिक-टंकलेखक, असं होऊ शकतं. जागा वडिलांची राहतच नाही. उरते ती जबाबदारी. बाकीच्या कुटुंबीयांचं ना-हरकत आणि ‘मी त्यांचा सांभाळ करीन’ असं हमीपत्र मागतात ते त्याचसाठी.

>> जाता जाता: ‘अनुकंपा तत्वावर’ नव्हे, ‘अनुकंपा तत्त्वावर’. कितीतरी कार्यालयांच्या सूचीवर एकच त असतो.