लॉरेटा लिनचं लग्न १३ व्या वर्षी झालं की १५ व्या? आणि ऐकायला कुठून सुरुवात करू?

मुक्ता_नाशिक
नमस्कार मंडळी. परवा अमेरिकन कंट्री गायिका लॉरेटा लिनच्या आयुष्यावरचा 'कोल मायनर्स डॉटर' सिनेमा बघितला, १९८० चा, सिसी स्पेसेकला ऑस्कर मिळालं होतं तो, आणि तेव्हापासून ती बाई डोक्यातून जातच नाहीये. कंट्री म्युझिक मी याआधी कधी मन लावून ऐकलेलं नाही. आता तिच्याबद्दल शोधायला लागले तर एकीकडे लिहिलंय लग्नाच्या वेळी ती १३ वर्षांची होती, दुसरीकडे १५, मग खरं काय? आणि वयच चुकीचं असेल तर ती गरिबी, खाणकामगार बाप, हेही वाढवून सांगितलंय का? ते शीर्षकगीत मला इतकं लागलंय की खोटं निघालं तर खरंच वाईट वाटेल. जाणकारांनी सांगा प्लीज.

सुहास_के
१५. तिच्या १९७६ च्या आत्मचरित्रात १३ दिलंय, ते सगळीकडे पसरलं. पण २०१२ मध्ये असोसिएटेड प्रेस या वृत्तसंस्थेने जुने सरकारी कागद काढले, त्यात जन्म १४ एप्रिल १९३२ आणि लग्न १० जानेवारी १९४८, म्हणजे सोळा पूर्ण व्हायला तीन महिने बाकी होते. नवरा ऑलिव्हर, ज्याला सगळे डूलिटल म्हणायचे, तो २१ चा. लग्न झाल्यावर केंटकीतून थेट देशाच्या दुसऱ्या टोकाला, वॉशिंग्टन राज्यातल्या कस्टर गावी, आणि विशीच्या आसपास पदरात चार मुलं. दोन वर्षांचा फरक आहे खरा, पण म्हणून तिने सोसलं ते कमी होत नाही असं माझं स्पष्ट मत आहे.

गरिबी मात्र शंभर टक्के खरी. तिचं गाव बुचर हॉलो म्हणजे डोंगराच्या घळीतली वस्ती, बाप टेड वेब कोळशाच्या खाणीत, आठ भावंडं. त्या गाण्यात बघा, कपडे घासून घासून आईच्या बोटांतून रक्त यायचं, उन्हाळ्यात पोरं अनवाणी, आणि थंडीत बापाने डुक्कर विकून आलेल्या पैशांत कॅटलॉगमधून मागवलेले बूट. अशा गोष्टी कोणी बसून कल्पनेने नाही रचत. मूळ गाणं तर अजून कितीतरी लांब होतं, निर्माता ओवेन ब्रॅडलीने बरीच कडवी काढायला लावली आणि त्याची हळहळ तिला शेवटपर्यंत राहिली.

सई_टेनेसी
मुक्ता, मी नॅशविलला राहते, इथून हरिकेन मिल्स गाडीने साधारण तासाभरावर. तिचं तिथे मोठं रँच आहे, म्युझियम आहे आणि बुचर हॉलोच्या घराची हुबेहूब प्रतिकृती पण आहे. मी त्या घरात उभी राहिले आणि मनात दहा माणसं मोजली, आईबाप आणि आठ मुलं, झोपत कुठे असतील तेच कळेना. तिच्या आईने भिंतीतून वारा येऊ नये म्हणून वर्तमानपत्रं आणि मासिकांची पानं चिकटवलेली असायची, त्यात लॉरेटा यंग या नटीचा फोटो होता, त्यावरून मुलीचं नाव लॉरेटा. हे वाचल्यापासून मला तिचं नाव घेताना दर वेळी ती भिंतच दिसते.

आणि तेव्हाची नावाजलेली कंट्री गायिका पॅट्सी क्लाइन, तिच्याबद्दल वाच नक्की. १९६१ मध्ये पॅट्सीला मोठा अपघात झाला, ती हॉस्पिटलमध्ये, आणि तेव्हा अगदी नवखी असलेल्या लॉरेटाने रेडिओवर पॅट्सीचंच गाणं तिच्यासाठी म्हटलं. पॅट्सीने ते ऐकलं आणि नवऱ्याला पाठवून तिला बोलावून घेतलं. १९६३ मध्ये पॅट्सी विमान अपघातात गेली. पुढच्या वर्षी लॉरेटाला जुळ्या मुली झाल्या, त्यातल्या एकीचं नाव पॅट्सी.

रानफूल८२
'द पिल' ऐका सगळ्यात आधी!! १९७५ साली गर्भनिरोधक गोळीवर गाणं लिहायची हिंमत, कितीतरी रेडिओ स्टेशन्सनी लावलंच नाही.

सुहास_के
रानफूल, गाणं जबरदस्तच आहे पण ते तिने लिहिलेलं नाही, लोरीन ॲलन आणि इतर दोघांचं आहे. रेकॉर्डही १९७२ लाच झालं होतं, कंपनीने तीन वर्षं दाबून ठेवलं. तिने स्वतः लिहिलेलं ऐकायचं तर 'यू एन्ट वुमन इनफ', 'फिस्ट सिटी', 'रेटेड एक्स' (घटस्फोटित बाईकडे लोक कसे बघतात त्यावर), आणि बहिणीबरोबर लिहिलेलं 'डोन्ट कम होम अ-ड्रिंकिन', १९६७ मधलं तिचं पहिलं नंबर वन. 'यू एन्ट वुमन इनफ'ची गोष्ट तीच सांगायची, शोच्या आधी एक बाई रडत आली की माझा नवरा दुसरीला घेऊन पुढच्या रांगेत बसलाय, हिने पडद्याआडून त्या दुसरीला बघून घेतलं आणि ड्रेसिंग रूममध्ये गाणं लिहून काढलं. प्रॉब्लेम असा झाला की सुरुवातीला केलेल्या प्रकाशन कराराची भांडणं कोर्टात वर्षानुवर्षं चालली आणि सत्तरच्या दशकात तिने लिहिणंच थांबवलं. इतकी चांगली लिहिणारी बाई कागदपत्रांपायी गप्प झाली याचा मला अजूनही राग येतो. म्हणून २००४ चा 'व्हॅन लिअर रोझ' अल्बम चुकवू नका, वयाच्या ७२ व्या वर्षी, रॉक संगीतकार जॅक व्हाइटबरोबर, पुन्हा स्वतःची गाणी, आणि दोन ग्रॅमी.

मुक्ता_नाशिक
सगळ्यांचे मनापासून आभार. वयाचं कळलं आणि बाकीचं खरं आहे म्हटल्यावर जीव भांड्यात पडला. काल रात्री सुहासजींच्या यादीतलं 'फिस्ट सिटी' लावलं होतं, आई शेजारी लसूण सोलत बसली होती, तिला इंग्रजी कळत नाही. थोडं ऐकून म्हणाली, ही कोणाशी भांडतेय गं? म्हटलं, नवऱ्याच्या मागे लागलेल्या बाईशी. आईने हातातला लसूण खाली ठेवला आणि म्हणाली, परत लाव.