मदत हवी आहे: ह्वांगल्यानसूच्या गोळ्या साखरेसाठी चालू ठेवायच्या का? (तातडीचे)

हुआंगपूकाठची
नमस्कार. सरळ मुद्द्यावर येते. साबा (सासूबाई) आमच्याकडे शांघायला आल्यात. आल्या आल्या पोट बिघडलं, म्हणून बिल्डिंगखालच्या औषधाच्या दुकानातून ह्वांगल्यानसू नावाच्या पिवळ्या गोळ्या आणल्या. डबीवर 0.1 ग्रॅम लिहिलंय. जुलाब थांबले. आता आमच्याकडे कामाला येणारी आयी म्हणते की तिच्या बहिणीची साखर याच गोळ्यांनी उतरली, पाच-पाच गोळ्या तीन वेळा घ्यायच्या. नेटवर पाहिलं तर हे बर्बेरीन, अमेरिकेत 500 मिलिग्रॅमच्या कॅप्सूल मिळतात, म्हणजे हिशेब जुळतो. साबांनी परवापासून सुरूही केल्यात आणि खूश आहेत. चालेल ना? हो की नाही एवढंच सांगा. "डॉक्टरांना विचारा" असं कृपया लिहू नका, इथे डॉक्टर म्हणजे अर्धा दिवस जातो आणि माझं चिनी भाजी आणण्यापुरतंच आहे.

नाना_कोपरगावकर
ताई, परदेशी गोळ्यांच्या नादी लागू नका. चमचाभर मेथीदाणे रात्री भिजत घालायचे, सकाळी चावून खायचे, वरून तेच पाणी. माझा पुतण्या, साडू, शेजारचे गुरुजी, सगळ्यांना गुण आला. कारल्याचा रसही चालतो, पण तो उपाशीपोटी.

फार्मसीतला_माणूस
हो की नाही सांगायला आधी हे लिहा: वय किती? मधुमेह किती वर्षांचा? चालू गोळ्यांची नावं आणि मिलिग्रॅम? रक्त पातळ करायचं, कोलेस्टेरॉलचं काही चालू आहे? किडनीचा रिपोर्ट?

हुआंगपूकाठची
@फार्मसीतला_माणूस, नेहमीच्या आहेत हो, साखरेच्या आणि बीपीच्या. भारतातून सहा महिन्यांच्या आणल्यात. माझा प्रश्न फक्त या पिवळ्या गोळीबद्दल आहे.

फार्मसीतला_माणूस
"नेहमीच्या" नावाची गोळी माझ्या दुकानात नाही. स्ट्रिप हातात घ्या आणि नाव टाइप करा, उत्तर त्यातच आहे.

जुना_शांघायकर
इथे राहून केस पांढरे झाले, म्हणून लिहितो. ह्वांगल्यानसू इथल्या प्रत्येक घरात असते, आपल्याकडे ओवा असतो तशी. पोट बिघडलं की एक ते तीन गोळ्या, दिवसातून तीनदा, आणि बरं वाटलं की बंद. डबीतल्या कागदावरही तेच लिहिलेलं असतं. साखरेचा उल्लेख त्यावर नसतो. मूळ वनस्पती ह्वांगल्यान, छोंगछिंगजवळच्या शिजू भागातली प्रसिद्ध. लावल्यापासून मूळ काढायला पाचेक वर्षं जातात. हल्ली गोळीतलं बर्बेरीन बहुतेक कारखान्यात बनवतात, म्हणून तर इतकी स्वस्त. चव इतकी कडू की चिनी म्हण आहे, मुक्याने ह्वांगल्यान खाल्लं, कडू लागलं पण सांगता येईना. आमच्या ऑफिसात अप्रेझलच्या आठवड्यात ही म्हण रोज ऐकू येते.

त्रिफळा
यात चिनी असं काहीच नाही. हीच आपली दारुहळद. तिचा काढा बकरीच्या दुधात आटवून रसांजन करतात, डोळ्यांसाठी आणि अतिसारासाठी ते ग्रंथांत सांगितलंय. आपलं ज्ञान बाहेर गेलं आणि गोळी होऊन परत आलं, एवढंच. साबांना रसांजनच द्या.

शंकासुर
@त्रिफळा, दारुहळद म्हणजे बर्बेरिस, हिमालयातलं काटेरी झुडूप. ह्वांगल्यान म्हणजे कॉप्टिस, वेगळं झाड, वेगळं कुळ. दोघांत एकच पिवळं द्रव्य सापडतं म्हणून कोणी कोणाचं चोरलं असं होत नाही. शेन्नोंगच्या नावावरच्या प्राचीन औषधी ग्रंथात ह्वांगल्यान आहे. त्यांना आपली वाट बघायची गरज नव्हती.

त्रिफळा
मी चोरलं म्हटलेलं नाही. नीट वाचा.

वाचक_मूक
दारुहळद म्हणजे हळदीचाच प्रकार ना? आम्ही दुधात घालतो.

शंकासुर
नाही. हळदीत बर्बेरीन नसतं, हळदीचा पिवळेपणा कर्क्युमिनचा. आणि बाजारात दारुहळद म्हणून पुष्कळदा दक्षिणेकडच्या एका वेलीचं खोड विकतात. गंमत म्हणजे त्यातही बर्बेरीन असतंच.

परळकर
मुंबईकरांसाठी भर घालतो. 1962 मध्ये दत्ता आणि पानसे यांनी दारुहळदीच्या बर्बेरीनवर कॉलऱ्याच्या संदर्भात प्रयोग करून निबंध लिहिला होता, परळच्या हाफकिन संस्थेतलं काम. तेव्हा जुलाबावर त्याचा उपयोग होतो ही नुसती आजीबाईंची गोष्ट नाही. पण धागा साखरेचा आहे, म्हणून थांबतो.

मावशी_सिंगापुरातली
एक महत्त्वाचं. सिंगापुरात बर्बेरीनवर 1978 पासून बंदी होती. नवजात बाळांची कावीळ वाढून मेंदूला इजा होते अशी भीती होती, विशेषतः ज्यांच्यात जी6पीडी नावाचं एन्झाइम कमी असतं त्यांना. 2013 मध्ये बंदी सैल केली, ह्वांगल्यानवरची तर 2016 मध्ये उठवली. घरात बाळंतीण किंवा तान्हं बाळ असेल तर डबी हाताला लागणार नाही अशी ठेवा.

हुआंगपूकाठची
घरात बाळ नाही. धागा कुठच्या कुठे चाललाय. साबा 68 च्या आहेत. स्ट्रिपवर मेटफॉर्मिन 500 आणि ग्लिमेपिराइड 2 असं एकत्र आहे, दोन वेळा. दुसरी अम्लोडिपिन. तिसरी अटोर्वा काहीतरी. झालं समाधान? आता सांगा.

फार्मसीतला_माणूस
झालं, आणि उत्तर "नाही" असं आहे. निदान असं आपापलं तरी नाही.

तुम्ही नेटवर जो अभ्यास वाचला असेल तो शांघायचाच आहे, 2008 चा. 36 जण, सगळे नवीन मधुमेही, काहींना मेटफॉर्मिन आणि काहींना बर्बेरीन, 500 मिलिग्रॅम तीन वेळा, तीन महिने. बर्बेरीनवाल्यांचा एचबीए1सी (तीन महिन्यांच्या सरासरी साखरेचा आकडा) 9.5 वरून 7.5 वर आला. आकडा चांगला आहे, नाकारत नाही. पण त्या लोकांच्या पोटात आधीच ग्लिमेपिराइड नव्हती. तुमच्या साबांच्या आहे.

ग्लिमेपिराइड ही जेवलात की नाही हे न बघता स्वादुपिंडाला इन्सुलिन सोडायला लावणारी गोळी. ती शरीरात ज्या एन्झाइमने मोडते, त्याचंच काम बर्बेरीन मंदावतं. अटोर्वास्टॅटिन, म्हणजे तुमची ती कोलेस्टेरॉलची अटोर्वा, मोडणाऱ्या दुसऱ्या एन्झाइमचंही तेच. म्हणजे साखर उतरवणारी तिसरी गोळी आली आणि ग्लिमेपिराइडचा जोरही वाढला. बर्बेरीन रक्तात फार थोडं शोषलं जातं हे खरं, पण आतडं आणि यकृत इथे ते आपलं काम करतंच.

शिवाय जुलाब होऊन अंगातलं पाणी गेलं असताना मेटफॉर्मिन चालू ठेवायची का, हाही डॉक्टरांचाच प्रश्न आहे. साबा सध्या काय खातायत?

नाना_कोपरगावकर
मेथीला असले साइड इफेक्ट नाहीत.

फार्मसीतला_माणूस
नाना, मेथीनेही साखर उतरते असं तुम्हीच म्हणता ना? मग ग्लिमेपिराइडवर मेथीसुद्धा सांगून-सवरूनच घ्यायची.

नाना_कोपरगावकर
तुम्ही गोळ्या विकणारे, तुम्ही असंच बोलणार.

हुआंगपूकाठची
@फार्मसीतला_माणूस, काय खाणार, पोटामुळे पेज आणि ताक. आज तर संकष्टी, त्यामुळे सकाळपासून फक्त चहा, तोही बिनसाखरेचा. गोळ्या मात्र वेळेवर घेतात, त्याबाबतीत फार काटेकोर आहेत. तुमचं पटतंय, उद्यापासून पिवळ्या गोळ्या बंद करायला सांगते.

आता दुसरा प्रश्न. इथलं साखरेचं मशीन कोणतं चांगलं? भारतातल्या मशीनच्या पट्ट्या संपल्या म्हणून इथे नवीन घेतलं, पण ते बिघडलेलं दिसतंय, 3.4 दाखवतंय. दोनदा बघितलं. दुकानदार परत घेईल का? आणि इथल्या दमट हवेवर काही उपाय असेल तर सांगा, साबांना दुपारपासून घाम फुटतोय आणि हात थरथरतायत.

अमेरिकावासी_अण्णा
मशीन ऑनलाइन घ्या, स्वस्त पडतं. पट्ट्यांची एक्स्पायरी बघून घ्या.

फार्मसीतला_माणूस
मशीन ठीक आहे. आत्ताच्या आत्ता साखर द्या. चीनमध्ये मशीन मिलिमोलमध्ये दाखवतं. आपल्या आकड्यासाठी 18 ने गुणा. 3.4 म्हणजे 61. हा दमटपणा नाही, साखर उतरलीय.

शुद्धीवर असतील आणि गिळता येत असेल तर तीन-चार चमचे साखर पाण्यात कालवून प्यायला द्या. लाडू, चॉकलेट नको, तुपा-तेलाने साखर उशिरा चढते. 15 मिनिटांनी पुन्हा मोजा. 4 च्या खाली असेल तर पुन्हा तेवढीच साखर. बोलणं अडखळलं, झोपाळल्या, तर तोंडात काही घालू नका, 120 ला फोन करा.

जुना_शांघायकर
120 बरोबर. पत्ता चिनीत मेसेजमध्ये तयार ठेवा, वॉचमनला दाखवा, तोच बोलेल फोनवर. मला व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, मी बोलतो हवं तर.

धार्मिक_धोंडू
संकष्टीचा विषय निघालाच आहे तर, शांघायला उपास सोडताना चंद्रोदय तिथला धरायचा की पुण्याचा? आमच्या भाचीचाही हाच प्रश्न होता.

त्रिफळा
तिथलाच. आपण असू त्या ठिकाणचा.

कोथरूडची_काकू
आमच्याकडे जावई मेलबर्नला असताना पुण्याचाच धरत.

मावशी_सिंगापुरातली
अहो, जरा वर वाचा, तिथे काय चाललंय!

हुआंगपूकाठची
दिलं साखरेचं पाणी. उपास मोडणार नाही म्हणत होत्या, नवऱ्याने आवाज चढवला तेव्हा प्यायल्या. आता 4.6. घाम थांबलाय. बोलतायत नीट, मुख्य म्हणजे आम्हाला रागावतायत. आता जेवायला दिलं की झालं ना?

फार्मसीतला_माणूस
जेवायला द्याच, भात वगैरे. पण झालं नाही. ग्लिमेपिराइडचा असर बराच वेळ टिकतो, साखर चढून पुन्हा उतरू शकते, या वयात तर जास्तच. रात्री झोपेत उतरली तर कोणाला कळणारही नाही. आजच दवाखान्यात न्या. संध्याकाळची ग्लिमेपिराइडची गोळी डॉक्टरांना विचारल्याशिवाय देऊ नका. जाताना सगळ्या स्ट्रिप आणि पिवळी डबी पिशवीत टाका, त्यांना चिनी डबी वाचता येईल आणि तुमच्या स्ट्रिपवरची इंग्रजी नावंही.

जुना_शांघायकर
मोठ्या सरकारी हॉस्पिटलच्या इमर्जन्सीला जा, रात्रभर उघडी असते. पासपोर्ट घ्या. त्यांना नुसतं ह्वांगल्यानसू, पंधरा गोळ्या रोज, एवढं सांगितलंत तरी चेहऱ्यावरून कळेल.

त्रिफळा
वरचं माझं रसांजन सध्या नको. चालू गोळ्या तेव्हा लिहिलेल्या नव्हत्या.

शंकासुर
नोंद घेतली आहे.

हुआंगपूकाठची
घरी आलो. रात्रभर ठेवून घेतलं, सलाइन लावलं, तास-दोन तासांनी बोट टोचत होते. पहाटे एकदा परत 3.7 झाली होती, त्यामुळे नेलं ते बरंच झालं. ग्लिमेपिराइड तूर्त बंद, मेटफॉर्मिन पोट पूर्ण सावरल्यावर, पिवळी गोळी अजिबात नाही. डॉक्टरीणबाईंनी फोनवर भाषांतर करून विचारलं की हा डोस कोणी सांगितला. आयीचं नाव नाही सांगितलं. मशीनवर 18 ने गुणायचा कागद चिकटवलाय. @जुना_शांघायकर, फोनवर बोललात त्याबद्दल खूप आभार. @फार्मसीतला_माणूस, तुमचेही.

साबांना फक्त एकच दुःख आहे, संकष्टी मोडली.

नाना_कोपरगावकर
छान झालं ताई. आता पोट सावरलं की हळूहळू मेथी.

नवीन_सभासद_पनवेल
धागा वाचला. मला मधुमेह नाही, फक्त वजन कमी करायचं आहे. रीलमध्ये बर्बेरीनला निसर्गाचं ओझेम्पिक म्हणतात. पनवेलला कुठे मिळेल? आणि शांघायहून कोणी येणार असेल तर चार डब्या आणता येतील का? पैसे आधी देईन.

फार्मसीतला_माणूस
ओझेम्पिकशी काही संबंध नाही, वेगळं औषध, वेगळं काम. वजनात फरक पडलाच तर किरकोळ पडतो, पोट मात्र अनेकांचं बिघडतं. वय? चालू गोळ्या?

नवीन_सभासद_पनवेल
नेहमीच्याच.