बॅकरॅकची गाणी आणि सिंफनी : भर की भार? (सोलापूरच्या तिघा श्रोत्यांच्या गप्पा)

विजापूर रोड : अमेरिकन संगीतकार बर्ट बॅकरॅकच्या सिडनी ऑपेरा हाउसमधल्या मैफलीचा अल्बम (२००८, सोबत सिडनी सिंफनी हा वाद्यवृंद) रविवारी गच्चीत बसून सलग ऐकला. संगीतकार म्हणून माणूस थोरच. पण एवढ्या मोठ्या वाद्यवृंदाने त्याच्या गाण्यांवर भार टाकलाय, असं माझं स्पष्ट मत आहे. गायिका डिऑन वॉर्विकने १९६४ मध्ये गायलेलं त्याचं 'वॉक ऑन बाय' आठवा. मी रस्त्यात दिसले आणि रडायला लागले तर न थांबता पुढे जा, एवढंच ती सांगते. मधे ट्रम्पेट जरासं बोलतं आणि गप्प होतं. त्या गप्प होण्यातच गाणं आहे. तिच्यामागे व्हायोलिनांची फौज कशाला? शेंगाची चटणी कुटताना तेल आपोआप सुटतं. वरून ओतलं की चव गेली. त्यात मेडली, म्हणजे गाण्यांचे तुकडे एकाला एक जोडलेले! गाणं मनात उतरायच्या आत पुढचं सुरू.

सातरस्ता : दादा, तेल वरून ओतलेलं नाहीच. बॅकरॅक चालीबरोबर वाद्यमेळही स्वतः बांधायचा. फ्रेंच संगीतकार दारिउस मियो यांच्याकडे तो रीतसर शिकला होता. जुन्या रेकॉर्डमध्येही व्हायोलिनं आहेतच, कान देऊन ऐका. मी मुलांना व्हायोलिन शिकवते, त्यामुळे मला वेगळीच गोष्ट जाणवते. 'एनीवन हू हॅड अ हार्ट' (१९६३) बोटांवर मोजून बघा. ताल चार मात्रांवरून पाचावर, मधेच सातावर. बोलणं जिथे संपतं तिथे आवर्तन संपतं, तालासाठी शब्द ताणलेला नाही. अशा चाली वाजवताना अख्खा वाद्यवृंद एका श्वासात वळतो, तेव्हा माझ्या अंगावर काटा येतो. चार जणांत ते होत नाही.

हलगीवाला : मला इंग्रजी गाण्यातलं फार कळत नाही ओ, पण 'सैराट' कळतं. नागराज मंजुळे आपल्या करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे. अजय-अतुलनी २०१६ च्या त्या पिक्चरसाठी अमेरिकेत सोनीच्या स्टुडिओत सिंफनी रेकॉर्ड केली. 'याड लागलं'मध्ये व्हायोलिनं केवढी चढतात! खेड्यातल्या पोराच्या प्रेमाला एवढा थाट कशाला, असं म्हणलं का कुणी? त्या पोराला आतून तेवढंच मोठं वाटत असतंय. तुमच्या त्या बाईचं दुःख बारीक आहे, हे कुणी ठरवलं?

विजापूर रोड : प्रश्न चांगलाय. पण 'सैराट' स्टुडिओतलं काम आहे. तिथे पुन्हा घेता येतं, नंतर एकेक थर वर-खाली करता येतो. मैफलीत व्हायोलिनांचा आवाज गाणाऱ्याच्या माइकमध्ये शिरतो, गाणाऱ्याचा त्यांच्या माइकमध्ये. सगळंच जवळ येतं आणि मधली मोकळी जागा बुजते. माझी तक्रार त्या जागेबद्दल आहे.

सातरस्ता : ही तक्रार स्पीकरवर ऐकून करतोय आपण. सोलापुरात ऑर्केस्ट्रा म्हटलं की कीबोर्ड, ऑक्टोपॅड आणि जुनी हिंदी गाणी. तेही मला प्रिय आहे, हुतात्मा स्मृती मंदिरात किती रात्री बसलेय मी! पण माइकशिवाय साठ-सत्तर जण एकदम वाजवतात तेव्हा हवा कशी हलते, हे मी मुंबईत एनसीपीए या कलाकेंद्रात एकदाच अनुभवलं. तिथे शांततासुद्धा ऐकू येते, कारण एवढी माणसं एकदम थांबलेली असतात. आणि या अल्बमात बॅकरॅक स्वतः गातो तिथे काय कराल? १९२८ चा जन्म, म्हणजे तेव्हा ऐंशीच्या घरातला माणूस. आवाज पार झिजलेला. सूर हलतो, पण स्वतःचं गाणं तो जपून हातात धरतो. त्याच्याखाली व्हायोलिनं नसती तर तो आवाज उघडा पडला असता.

हलगीवाला : ताईंशी सहमत. म्हाताऱ्या गायकामागं आम्ही हलगी हळू धरतो, तसंच की.

विजापूर रोड : तो भाग काल रात्री दिवे घालवून परत ऐकला. तिथे भार नाही, मान्य. 'वॉक ऑन बाय' मात्र मी जुनंच ऐकणार, आणि मेडलीबद्दल माघार नाही.