डेकेडन्स म्हणजे नुसती अफू नव्हे

डेकेडन्स (कला-साहित्यातला ‘ऱ्हास’) म्हणजे अफू, अॅब्सिंथ (एक कडक दारू) आणि नीतीचा बट्ट्याबोळ, असं कुणीतरी लिहिलंय. एवढंच असतं तर साहित्य-समीक्षक मातेई कालिनेस्कूने आपल्या पुस्तकात त्यावर अख्खं प्रकरण खर्चलं नसतं. हा मूळचा रुमानियाचा, १९७३ साली अमेरिकेत गेला. ‘फाइव्ह फेसेस ऑफ मॉडर्निटी’ हे आधुनिकतेच्या पाच रूपांवरचं त्याचं पुस्तक आजच्या रूपात १९८७चं. १९७७च्या मूळ आवृत्तीत पोस्टमॉडर्निझमचं (उत्तर-आधुनिकतेचं) प्रकरण नव्हतं.

मला त्यातला फ्रेंच लेखक-समीक्षक पॉल बूर्जेचा भाग फार आवडतो. बूर्जेने १८८१ मध्ये फ्रेंच कवी बोदलेअरवर लिहिताना डेकेडन्स चक्क शैलीत शोधला: पुस्तकाची एकसंधता मोडते नि पान स्वतंत्र होतं, मग पानातून वाक्य सुटं होतं, वाक्यातून शब्द. (समाजाचंही तसंच, व्यक्ती सुटी होत जाते.) जर्मन तत्त्वज्ञ नीत्शेने हेच उचलून १८८८ मध्ये संगीतकार वाग्नरवर उलटवलं, बूर्जेचं नावही न घेता! म्हणजे शिवी म्हणून आलेला शब्द सात वर्षांत समीक्षेचं हत्यार झाला.

किचवरचं (भडक, बाजारू कलेवरचं) प्रकरण मात्र आता जरा जुनाट वाटतं. सुरुवात करायचीच तर थेट डेकेडन्सपासून करा, क्रमाने वाचायची गरज नाही.