‘शांत झोप’ कोणाला दिसते?

एकांनी लिहिलंय की मृत्युदंड देताना फाशीऐवजी इंजेक्शन द्यावं, माणूस शांत झोपेत जातो. मला हे पटत नाही.

अमेरिकेतल्या ओक्लाहोमा राज्याने 1977 मध्ये इंजेक्शनने मृत्युदंड देण्याचा कायदा केला. प्रत्यक्ष पहिला वापर टेक्सासमध्ये, डिसेंबर 1982 मध्ये झाला. मूळ पद्धतीत औषधं तीन: गुंगीसाठी थायोपेंटाल, मग स्नायू लुळे करणारं पॅन्क्युरोनियम, शेवटी हृदय थांबवणारं पोटॅशियम क्लोराइड. मेख दुसऱ्या औषधात आहे. गुंगी अपुरी पडली तर माणूस जागा असतो, पण त्याला बोटही हलवता येत नाही. पोटॅशियम शिरेत जाताना भयंकर आग होते, तीही चेहऱ्यावर उमटत नाही. म्हणजे शांतता बघणाऱ्याला दिसते, मरणाऱ्याला ती मिळतेच असं नाही. 2014 मध्ये ओक्लाहोमातच क्लेटन लॉकेट हा मृत्युदंडाचा कैदी इंजेक्शन सुरू झाल्यावर 43 मिनिटांनी मेला. सुई शिरेत नीट बसलीच नव्हती.

आणि हे प्रकरण आपल्यापासून फार दूरही नाही. अमेरिकेत थायोपेंटालचा तुटवडा पडला तेव्हा नेब्रास्का राज्याने ते मुंबईतल्या एका कंपनीकडून घेतलं होतं. ते कशासाठी वापरणार यावरून ओरड झाल्यावर 2011 मध्ये कंपनीने ही विक्री थांबवली. भूल देऊन जीव वाचवण्यासाठी बनलेलं औषध होतं ते.