अनुभव धागा: सोलापूरचं ऊन आणि फळांचं गार गोड

जुळे सोलापूर (धागा सुरू करणारी)

गेल्या रविवारी आमच्याकडे पंधरा माणसं जेवायला होती. मी मोठ्या हौसेनं आंब्याचं पुडिंग केलं. जिलेटिन भिजवलं, विरघळवलं, केशर आंब्याचा रस घातला, साच्यात ओतलं आणि सकाळी आठला फ्रीजमध्ये ठेवलं. नऊला लाईट गेली, ती आली पाऊण वाजता. मध्ये जो तो पाण्याची बाटली काढायला फ्रीज उघडतोय. दीडला साचा ताटात उपडा केला, तर पुडिंग ताटभर पसरलं. नणंदेचा मुलगा शांतपणे म्हणाला, "मामी, पोळी दे की." सगळ्यांनी ते आमरस म्हणून ओरपलं, वर तूप घालून.

तर मंडळी, आपापले अनुभव लिहा. फळ आपल्या उष्ण मुलखातलं कुठलंही चालेल, पदार्थ घरी केलेला आणि गार हवा. जमलेलं लिहा, फसलेलं आधी लिहा. आणि प्रमाण द्या. "अंदाजे साखर" लिहिणाऱ्याला पोळी मिळणार नाही.

रेल्वे लाईन्स

ताई, चूक लाईटची कमी आणि जिलेटिनची जास्त. मी तीस वर्षं रसायनशास्त्र शिकवलं, म्हणून थोडं मास्तरकी करतो. जिलेटिन तीस-पस्तीस अंशांच्या आसपास वितळतं. मे महिन्यात आपल्याकडे बाहेर ४२-४३ आणि पंख्याखालची खोली ३७-३८. म्हणजे फ्रीजमधून काढून टेबलावर ठेवल्याठेवल्या त्याचं परत पाणी व्हायला लागतं.

सोलापुरात चायना ग्रास वापरावं. ते समुद्री शेवाळापासून होतं, त्यामुळे शाकाहारी माणसांनाही चालतं. एकदा घट्ट झालं की ८५ अंशांच्या आसपास गेल्याशिवाय वितळत नाही. लाईट जाऊ दे नाहीतर पाहुणे तासभर उशिरा येऊ देत, ते आहे तिथं उभं राहतं.

माझं प्रमाण असं: १० ग्रॅम चायना ग्रासच्या पट्ट्या कात्रीनं कापून २ वाट्या पाण्यात अर्धा तास भिजवायच्या. मग मंद आचेवर ढवळत पूर्ण विरघळवायच्या. चमचा उचलल्यावर एकही धागा दिसता कामा नये, दिसला तर तो खाताना दाताखाली येणारच. अर्धा लिटर दूध ५ मोठे चमचे साखर घालून वेगळं उकळायचं, त्यात हे गाळून घालायचं. गॅस बंद. कोमट झालं की दीड वाटी आमरस.

आता माझी फजिती. पहिल्या वेळी रस फ्रीजमधून काढून तसाच ओतला. चायना ग्रास चाळीसच्या खाली यायला लागलं की घट्ट व्हायला सुरुवात करतं. थंड रस लागला त्या जागी ते लगेच गोठलं आणि भांडंभर गाठी झाल्या. बायको म्हणाली, साबुदाणा कधी घातलात? रस खोलीच्या तापमानालाच हवा. आपल्याकडे खोलीचं तापमान म्हणजे कोमटच, तेवढा एक फायदा.

आणखी एक, आंबट फळाच्या रसात चायना ग्रास उकळू नये, त्याची पकड सैल होते. आधी पाण्यात, मग दुधात, फळ शेवटी.

पूर्व भाग, अशोक चौकाजवळ

आमच्या तेलुगूत याला मुंजलू म्हणतात, तुम्ही ताडगोळे म्हणता. नायना, म्हणजे वडील, लूमवर रात्रपाळी करून सकाळी घरी येताना पळसाच्या पानात बांधून आणायचे. रात्रभर खडखडाट ऐकून आलेला माणूस, पण आधी आंघोळ नाही, चहा नाही, पायरीवर बसून मुंजलू सोलून आम्हा भावंडांच्या हातावर एकेक ठेवणार. आतलं पाणी अंगावर उडलं की अव्वा ओरडायची, कारण त्याचा डाग जात नाही असं तिचं म्हणणं. गेला का राहिला ते आठवत नाही.

आता मी त्याचंच गोड करते. अर्धा लिटर दूध आटवून दोन तृतीयांश करायचं, ३ चमचे साखर, वेलची, आणि फ्रीजमध्ये पूर्ण गार करायचं. सब्जा १ चमचा पाण्यात पंधरा मिनिटं फुगवायचा. आठ-दहा मुंजलू सोलून बोटाच्या पेराएवढे तुकडे. वाढायच्या वेळी सगळं एकत्र. बस.

सोलणं महत्त्वाचं. वरची पिवळट साल तुरट असते, ती राहिली की दुधालाही तुरटपणा येतो. मिक्सरला लावायचं नाही, त्याची मजा चावण्यात आहे. घेताना अंगठ्यानं दाबून बघायचं. मऊ आणि थुलथुलीत हवं. जून असलं तर चिवट लागतं आणि पोट धरून बसावं लागतं. एकदा शहाणपणा करून मी ते बर्फाच्या खान्यात ठेवले. दगड झाले. वितळू दिले तर आतलं पाणी निघून गेलं आणि चोथा राहिला.

होटगी रोड

अननसाची गोष्ट सांगते, अजून घरात चेष्टा होते. धाकट्या जावेचं डोहाळजेवण. जेवण सासूबाईंकडं, गोड माझ्याकडं. मी ठरवलं अननसाचं कस्टर्ड. ताजा अननस आणला, पिकलेला, घरभर वास. सकाळी बारीक चिरून गार कस्टर्डमध्ये घातला, चव बघितली, अप्रतिम. झाकून फ्रीजमध्ये.

दुपारी दोनला पहिली वाटी सासूबाईंना दिली. त्यांनी एक चमचा खाल्ला, माझ्याकडं बघितलं आणि अगदी हळू विचारलं, "यात कडुनिंब घातलाय का गं?" मी चव घेतली. कडूजहर. वर पाणी सुटलेलं, खाली दुधाचा चोथा. मला आधी वाटलं दूध नासकं. मग वाटलं कस्टर्ड पावडर जुनी. दुकानदाराशी जाऊन भांडले सुद्धा, बिचारा.

पुढं कळलं की ताज्या अननसात प्रथिनं फोडणारा पाचक रस असतो. तो दुधातल्या प्रथिनांचे तुकडे करतो आणि ते तुकडे कडू लागतात. सकाळी चव चांगली होती कारण त्याला तेव्हा वेळच मिळाला नव्हता. आता मी अननसाचे तुकडे ४ चमचे साखर घालून सात-आठ मिनिटं चांगले शिजवते, फक्त कोमट करत नाही. पूर्ण गार झाले की मगच दुधात. त्या दिवसापासून एकदाही कडू झालं नाही. डब्यातला अननस आधीच तापवलेला असतो, तो तसाच घातला तर चालतो.

जाऊबाईंनी तेव्हा मात्र दोन वाट्या खाल्ल्या. म्हणाल्या, मला कडूच खावंसं वाटतंय. त्या मुलाला आम्ही अजून अननस म्हणतो.

रेल्वे लाईन्स

होटगी रोडच्या ताईंना जोड: पपईचंही तेच, कच्चट पपईत जास्त. आणि ताजा अननस जिलेटिनमध्ये घातला तर ते कधीच घट्ट होणार नाही, कितीही तास ठेवा, कारण जिलेटिन हेही प्रथिनच. चायना ग्रासला हा त्रास नाही.

दमाणी नगर, माहेर बार्शी

तुम्ही सगळे आंब्यात. मी दिवाळीचं सीताफळ मे महिन्यात खाते. आमच्या बार्शी तालुक्यातल्या गोरमाळ्याच्या नवनाथ कसपटे यांनी काढलेला एनएमके-१ गोल्डन हा वाण आता पार दुसऱ्या राज्यांत गेलाय. मोठं फळ, गर भरपूर, बिया कमी. बाळानगरी जातीचे आठ फोडून जेवढा गर निघतो तेवढा याच्या चारांत निघतो असा माझा हिशेब. गोडीला मात्र मला लहानपणचं बांधावरचं सीताफळच लागतं. हे माझं मत, भांडू नका.

दोन चुका मी केल्यात, तुम्ही करू नका. पहिली, वेळ वाचवायला बियांसकट मिक्सर फिरवला. दोन-चार बिया फुटल्या आणि सगळं फेकावं लागलं. सीताफळाची बी विषारी असते, थोडी फुटली तर काय होतंय असं म्हणायचं नाही. चाळणीवर गर घेऊन हातानं चोळायचा, नाहीतर पातेल्यात रवीनं हलकं घुसळायचं, बिया सुट्या होतात. दुसरी, बासुंदी उकळत असताना गर घातला. सीताफळाचा गर तापला की कडवट होतो आणि रंगही गुलाबीकडे झुकतो.

म्हणून: १ लिटर म्हशीचं दूध आटवून अर्धं, ४ चमचे साखर, जायफळ चिमूटभर. आधी बाहेर गार, मग फ्रीजमध्ये चार तास. वाढायच्या अर्धा तास आधी दीड वाटी गर. हंगामात मी गर एकेक वाटीच्या पिशव्यांत सपाट करून, हवा काढून डीप फ्रीजरला ठेवते. सपाट अशासाठी की लवकर गोठतो आणि लवकर सुटतो. एकदा सोडलेला गर परत गोठवायचा नाही.

विजापूर वेस

आमच्याकडे रमजानमध्ये महिनाभर फ्रूट कस्टर्ड असतंच. अम्मी पाच लिटरचं करते, कारण शेजारच्या चार घरांत वाट्या जातात. लिटरला ४ मोठे चमचे कस्टर्ड पावडर आणि ६ चमचे साखर. पावडर गार दुधातच कालवायची. गरम दुधात टाकली की गोळीचा वरचा थर शिजतो आणि आत पीठ कोरडंच राहतं. मी एकदा पाच लिटर दुधात अशा गोळ्या केल्या होत्या, रोज्यात बसून गाळत बसलो.

गॅस बंद केला की काम संपलं असं नाही. गार होईपर्यंत मध्येमध्ये ढवळत राहायचं, नाहीतर साय धरते आणि तिचे चिंधे होतात. अम्मी मोठं पातेलं पाण्याच्या परातीत ठेवते आणि माझ्या हातात डाव देते.

फळांचा क्रम ठरलेला आहे. चिकू आणि सफरचंद तासभर आधी. द्राक्षं कधीही. केळं मगरीबच्या अजानच्या पाच मिनिटं आधी, त्याआधी कापलं तर काळं पडतं आणि चिकट होतं. आधी कापावंच लागलं तर संत्र्याचा रस चोळून ठेवायचं. डाळिंब कस्टर्डमध्ये ढवळायचं नाही, वाटीत वरून टाकायचं. दाणे फुटून सगळं पातेलं गुलाबी होतं. डाळिंबाचं संशोधन केंद्र आपल्या केगावला, आणि आपल्याच घरात डाळिंबाची ही अवस्था, असं अब्बा दरवर्षी म्हणतात.

मजरेवाडी, रूमवर राहणारा

आमच्याकडं फ्रिज नाय. तरी गार खायलाव. केळ्याचं शिकरण: कंदरची केळी चार, अर्धा लिटर दूध, साखर चार चमचे. स्टीलचा डबा घट्ट झाकून ओल्या गोणपाटात गुंडाळायचा आणि खिडकीत, सावलीत, वारं येतंय तिथं ठेवायचा. गोणपाट वाळू द्यायचं नाय, मग मग पाणी मारायचं. आपली हवा कोरडी, पाणी लवकर उडतंय, डबा गार पडतोय. बर्फावानी नाय होत, माठातल्या पाण्याएवढं होतंय. आधी नुसतं दूध गार करायचं, केळी खाताना कुस्करायची. तासाच्या वर ठेवू नका बे, दूध आहे, उन्हाळा आहे. एकदा क्रिकेट बघत बसलो आणि दही खाल्लं.

विडी घरकुल

आमची आज्जी अक्कलकोटकडची, घरात कानडी. ती आंब्याचं सीकरणे करायची. पिकलेला रायवळ आंबा पिळून रस, त्यात गूळ, वेलची आणि तापवून गार केलेलं दूध. मी गडबडीत कोमट दुधात गूळ घातला तर फुटलं. आज्जी गूळ आधी रसात विरघळवून घ्यायची, आणि मग गार दूध. भांडं पाण्याच्या टाक्यात सोडायची, दोरी बांधून. एकदा दोरी सुटली. पुढचे दोन दिवस पाण्याला आंब्याचा वास.

जुळे सोलापूर (धागा सुरू करणारी)

मास्तरांचं प्रमाण काल करून बघितलं. पट्ट्या विरघळायला मला दहा मिनिटं लागली. बाहेर ओट्यावर ठेवलं होतं, तासभर झाला तरी हलतच होतं, तेव्हा कळलं की ओटाच चाळीसला पोचलाय. परातीत पाणी घालून त्यात साचा ठेवला, वीस मिनिटांत घट्ट. फ्रीज फक्त गार करायला वापरला. साखर मला एक चमचा कमी चालली असती, केशर आंबा गोड होता.

उत्तर कसबा

आमच्या वाड्यात हातानं फिरवायचा आइस्क्रीमचा पॉट अजून आहे. लाकडी पिंप, मध्ये डबा, वर दांडा. वर्षातून एकदा निघतो, मुलांच्या परीक्षा संपल्या की. पिंप आदल्या रात्री पाण्यानं भरून ठेवावं लागतं, फळ्या फुगल्या नाहीत तर गळतं.

दोन लिटर दूध आटवून दीड, ३ वाट्या आमरस, दीड वाटी साखर, सगळं आधी फ्रीजमध्ये गार. साखर थोडी जास्तच लागते, गोठल्यावर जीभ बधिर होते आणि गोडी कमी कळते. डबा दोन तृतीयांशच भरायचा, फिरवताना फुगतं. पिंपात ८ किलो फोडलेला बर्फ आणि २ किलो खडेमीठ, एक थर बर्फ, एक थर मीठ. मिठामुळे बर्फ वितळायला लागतो आणि शून्याच्या खाली पंधरा अंशांपर्यंत उतरतो, नुसत्या बर्फानं आइस्क्रीम होत नाही. बर्फ निळा मिळाला तरी चालतो. खाण्याचा नसलेला बर्फ निळा करायचा नियम आहे, आणि आपला बर्फ डब्याच्या बाहेरच असतो. सरबतात मात्र तो घालायचा नाही.

पहिली दहा मिनिटं पोरं फिरवतात, भांडतात. मग दांडा जड होतो आणि पोरं गायब. शेवटची पंधरा मिनिटं काका आणि मी.

गेल्या वर्षी पिंपाचं खालचं भोक लाकडाच्या ढलपीनं बुजलं होतं, कुणी बघितलं नाही. वितळलेलं खारं पाणी बाहेर जायच्या ऐवजी चढत चढत झाकणापर्यंत आलं. झाकण उघडलं, वरून आइस्क्रीम देखणं. काकांनी पहिला चमचा घेतला, काहीच बोलले नाहीत, डबा काकूंपुढे सरकवला. वरची चार बोटं काढून टाकली, खालचं चांगलं होतं, माणशी दीड चमचा आलं. आता फिरवायला बसायच्या आधी काकू स्वतः त्या भोकात विणायची सुई घालून बघतात.