मदत हवी आहे: बडोद्यातल्या गोदामावर हमाल टोळीशी वाद. कायद्याने मालक कोण ठरतो?

नमस्कार. बडोद्याला मकरपुरा जीआयडीसीत (औद्योगिक वसाहतीत) आमचं पॅकिंग मटेरियलचं गोदाम आहे. वडिलांच्या काळापासून एकच टोळी भराई-उतराई करते. हिशोब नगावर, पैसे मुकादमकाकांच्या हाती, वाटणी ते करतात. हजेरीपत्रक कधीच नव्हतं. हीच माणसं शेजारच्या गोदामांतही कामं घेतात. आमच्याकडे गाडी लागली की येतात.

मध्यंतरी टोळी युनियनमध्ये गेली. त्यांचा हक्क आहे, माझी काही हरकत नाही. वाद फोर्कलिफ्ट आणल्यावर सुरू झाला. पॅलेटवरचा माल आता यंत्राने उतरतो, आणि युनियन त्या नगांचीही हमाली मागते. मी नाही म्हटलं, तर वकिलाची नोटीस आली: टोळीतले सगळे तुमचेच कामगार आहेत, पीएफ आणि ग्रॅच्युइटी द्या. त्यानंतर मंडळी फाटकासमोर बसतात. मारामारी नाही, शिवीगाळ नाही, पण गाडी आत येत नाही आणि ड्रायव्हर हॉल्टिंगचे पैसे लावतो.

ओळखीचे व्यापारी केरळचा दाखला देतात. तिथे हात न लावलेल्या मालाचीही मजुरी, नोक्कुकूली, मागायची पद्धत होती. सरकारने १ मे २०१८ पासून ती बंद केली. पण हमालांसाठी तिथे स्वतंत्र कायदे आहेत, ते इथे कसे लागू होतील? उलट बाजूला १९७८ चा हुसेनभाई खटला वाचला. कालिकतच्या दोरखंड कारखान्यातली माणसं ठेकेदाराची होती, तरी सर्वोच्च न्यायालयाच्या न्या. कृष्ण अय्यरांनी ठरवलं की ज्याच्या धंद्यासाठी ते राबतात आणि ज्याच्यावर त्यांचं पोट अवलंबून आहे, तोच मालक. तो निकाल वाचून मला झोप लागली नाही, कारण त्यातलं अर्धं आम्हाला लागू पडतं.

यंत्राने उचललेल्या नगाची हमाली द्यावी असं मला वाटत नाही. पण ज्यांच्या पाठीवर वडिलांचा धंदा उभा राहिला, त्यांना म्हातारपणी रिकाम्या हाताने घरी पाठवणंही पटत नाही. मुकादमकाकांचे गुडघे गेलेत. महाराष्ट्रात हमालांसाठी १९६९ चा माथाडी कायदा आहे, गुजरातेतही त्याच धर्तीचा १९७९ चा असंरक्षित श्रमजीवींचा कायदा आहे. त्यातून काही मार्ग निघेल का? नोटिशीला काय उत्तर देऊ? आणि मनाई हुकूम मागितला तर संबंध कायमचे तुटतील का?

प्रतिसाद:

आधी नोटिशीला मुदतीत लेखी उत्तर द्या. गप्प बसलात तर पुढे तेच तुमच्याविरुद्ध दाखवतील. मालक कोण हे एका गोष्टीवरून ठरत नाही. माणूस कोण नेमतो, कामावरून कोण काढतो, वेळ कोण ठरवतो, ती माणसं इतरत्र मोकळेपणाने कामं घेतात का, हे सगळं बघतात. म्हणून मुकादमाला दिलेल्या पैशांची व्हाउचरं, बिल्ट्या, गेट रजिस्टर जपून ठेवा. पीएफ साधारणपणे २० माणसांपासून लागतो, ग्रॅच्युइटी १० पासून. तुमची माणसं आणि टोळी मिळून आकडा किती होतो, तो आजच काढा.

शांतपणे बसणं एक, वाट अडवणं दुसरं. युनियनला मिळणारं संरक्षण गाड्या रोखण्यापर्यंत जात नाही. दिवाणी कोर्ट सहसा धरणं बंद करत नाही, फाटकापासून काही अंतरावर बसा आणि ये-जा रोखू नका असं सांगतं. एवढंच मागितलंत तर नातं तुटायचं कारण नाही.

माझ्या मते तुमची जागा समेट अधिकाऱ्यासमोर, म्हणजे मालक-कामगार वाद मिटवणाऱ्या सरकारी अधिकाऱ्यासमोर आहे. त्यांच्यासमोर झालेला करार सगळ्या कामगारांना बांधतो. खाजगीत केलेला फक्त त्या पक्षांना. सुट्या मालाचा आणि हाताने लावायच्या थप्पीचा दर वाढवून द्या, फोर्कलिफ्ट चालवायला टोळीतलाच तरुण शिकवून घ्या. म्हातारपणाच्या सोयीसाठी १९७९ च्या कायद्यातली मंडळाची व्यवस्था तुमच्या व्यवसायाला लागू आहे का, हे लेबर ऑफिसला लेखी विचारा. माथाडी पद्धतीत मालक मजुरी आणि त्यावरची लेव्ही (ठरावीक जादा रक्कम) मंडळात भरतो आणि मजुरांच्या सोयी तिथून होतात. वकील मात्र कामगार न्यायालयात रोज उभा राहणारा घ्या, नुसता दिवाणीवाला नको.